धनको बदलतो तेव्हा

कर्ज ही विकण्याजोगी वस्तू आहे काय? घर विकता येते, बैल विकता येतो, शेतातले उभे पीकही विकता येते. पण ‘अमक्याने माझे शंभर रुपये द्यावयाचे आहेत’ ही गोष्ट मी तमक्याला कशी विकणार? ती हातात धरता येत नाही की तिजोरीत ठेवता येत नाही. अमक्याने वचन दिले ते मला. तमक्याचे तोंडही त्याने कधी पाहिले नसेल. तरीही आज हा व्यवहार सर्रास चालतो. बँका आपली येणी इतरांना विकतात, आणि ज्याने एका दारी कर्ज काढले त्याला वसुलीचे पत्र भलत्याच दारातून येते. असे पत्र हाती पडलेला गृहस्थ प्रथम एकच विचारतो, “मला न विचारता हे झालेच कसे?” श्रोतेहो, हा प्रश्न अडाणीपणाचा नाही. सुमारे दोन हजार वर्षे मोठमोठ्या कायदेपंडितांना तो पडत आला आहे, आणि त्याचे उत्तर शोधताना कराराच्या कायद्यातील कित्येक तत्त्वे घडली आहेत. त्या उत्तराचा इतिहास आज थोडक्यात पाहावयाचा आहे.

प्राचीन रोमचे उत्तर सरळ होते : असे करता येत नाही. रोमन विधिज्ञ ऋणाला बंधन मानीत, दोन विशिष्ट माणसांना एकमेकांशी बांधणारी दोरी. तिचे एक टोक सोडून तिसऱ्याच्या हाती दिले की ती दोरी तीच राहत नाही, नवी होते. ही कल्पना केवळ तर्काच्या हौसेपोटी जन्मली नव्हती. ख्रिस्तपूर्व ४५१-४५० च्या सुमारास रोममध्ये जो बारा फलकांचा कायदा झाला, त्यात कर्ज न फेडणाऱ्याचा देहच धनकोच्या ताब्यात देण्याची तरतूद होती. ज्या समाजात कर्जाला तारण म्हणून माणसाचे शरीर पुरते, तेथे आपला धनको कोण, दयाळू की निर्दय, ही ऋणकोच्या दृष्टीने जीवनमरणाची बाब असते. ती त्याच्या पाठीमागे बदलता येऊ नये, हे ओघानेच आले.

परंतु रोमचे राज्य वाढले, व्यापार वाढला, आणि येणी विकण्याची गरज वाढली. तेव्हा दोन युक्त्या निघाल्या. पहिली अशी की, तिघांनी एकत्र येऊन जुना करार मोडावयाचा आणि ऋणकोने नव्या धनकोला नव्याने वचन द्यावयाचे. ही युक्ती निर्दोष खरी, पण तीत ऋणकोची संमती लागते. दुसरी युक्ती अधिक चतुर होती. येणे विकणाऱ्याने विकत घेणाऱ्याला आपला मुखत्यार नेमावयाचे. मुखत्याराने धन्याच्या नावाने दावा लावावयाचा आणि वसूल झालेला पैसा स्वतःजवळ ठेवावयाचा. कागदोपत्री धनको जुनाच, पैसा मात्र नव्याच्या खिशात! यात एक मोठी गोम होती. दावा उभा राहण्यापूर्वी जुना धनको मेला तर मुखत्यारी संपे. आणि तो जिवंत असताना ऋणकोने त्यालाच पैसे दिले तर विकत घेणारा हात चोळीत बसे. या दोन्ही भोकांना रोमन सम्राटांच्या आज्ञापत्रांनी हळूहळू ठिगळे लावली. विकत घेणाऱ्याला स्वतःच्या नावाने दावा लावता येऊ लागला. आणि त्याने ऋणकोला रीतसर सूचना दिली की त्यानंतर ऋणकोने जुन्या धनकोला दिलेले पैसे फुकट जावेत, असे ठरले. ही ‘सूचना’ लक्षात ठेवण्यासारखी आहे, कारण पुढच्या सगळ्या कथेत ती पुन्हा पुन्हा येणार आहे.

येथे एक भेद सांगून ठेवला पाहिजे. येणे दुसऱ्याला देता येते. देणे मात्र आपल्या मर्जीने दुसऱ्याच्या गळ्यात घालता येत नाही. धनकोने कर्ज दिलेले असते ते विशिष्ट माणसाची पत पाहून. त्या जागी दुसरा उभा करावयाचा तर धनकोचा होकार हवा. नव्या करारातील संत पौलाचे फिलेमोनाला लिहिलेले छोटेसे पत्र आम्हा ख्रिस्ती वाचकांच्या परिचयाचे आहे. फिलेमोनाचा दास अनेसिम त्याला सोडून गेला होता. त्याला परत पाठविताना पौल लिहितो की, याच्याकडे तुझे काही निघत असेल तर ते माझ्या नावे मांड, मी ते भरून देईन. आणि हे मी माझ्या स्वतःच्या हाताने लिहीत आहे, असेही तो सांगतो. हे पत्र क्षमेचे म्हणून आपण वाचतो, आणि ते योग्यच आहे. पण कायद्याच्या नजरेने पाहिले तरी त्याची रचना बिनचूक वाटते. पौल अनेसिमाला ‘तू आता मोकळा आहेस’ असे परस्पर सांगत नाही. तो धनकोकडे जातो, त्याला विनवितो, आणि हातचा लेख देतो.

आता रोमन कथेतील सर्वांत महत्त्वाच्या टप्प्याकडे वळू. येणी विकता येऊ लागल्यावर ती विकत घेण्याचा धंदाच सुरू झाला. थकलेला, गरजू किंवा वसुलीची ताकद नसलेला धनको शंभराचे येणे तीसाला देऊन टाकी. विकत घेणारा मात्र ऋणकोकडून पुरते शंभर उकळी. हे लोक परक्याच्या मालमत्तेवर डोळा ठेवून असतात, अशी तक्रार सम्राटाच्या दरबारी पोचली. तेव्हा ५०६ साली कॉन्स्टँटिनोपलच्या अनास्तासिअस सम्राटाने कायदा केला : येणे विकत घेणाऱ्याने त्यासाठी जेवढी किंमत खरोखर मोजली असेल तेवढी, आणि तिच्यावरील व्याज, एवढेच त्याला ऋणकोकडून मिळेल. तीसाला घेतलेस, तर तीस आणि व्याज घे. वरचे सत्तर ऋणकोला सुटले. कायदा निघाला की पळवाट निघते, ती येथेही निघाली. या कायद्यात बक्षिसाला सूट होती. म्हणून लोक कागदावर लिहू लागले की, तीस रुपयांचा भाग विकला आणि उरलेल्या सत्तरांचा प्रेमाने बक्षीस दिला! पुढे जस्टिनियन सम्राटाला दुसरा कायदा करून हे प्रेम बंद करावे लागले.

हजार वर्षांनंतर इंग्लंडमध्ये हाच डाव नव्याने मांडला गेला. तेथील जुन्या न्यायालयांनीही प्रथम साफ नकार दिला. जो हक्क केवळ दावा लावूनच मिळवता येतो तो विकता येणार नाही, असा त्यांचा नियम. त्याला अपवाद होता फक्त राजाचा. सर एडवर्ड कोक यांनी १६१२ च्या लॅम्पेटच्या खटल्यात याचे कारण दिले आहे. असे हक्क परक्यांना विकू दिले तर खटल्यांचे पेव फुटेल आणि लोकांचा छळ होईल, हे ते कारण. दुबळ्यावरचा दावा बलवानाने विकत घ्यावा आणि त्याला न्यायालयात फरफटत न्यावे, ही भीती त्यामागे होती. पण व्यापाराची गरज येथेही थांबेना. तेव्हा इंग्रजांनीही मुखत्यारीचीच युक्ती लढविली, आणि चॅन्सरी नावाचे जे न्यायबुद्धीने चालणारे न्यायालय होते त्याने अशा विक्रीला हळूहळू मान्यता दिली.

त्या न्यायालयातील एक खटला सांगण्यासारखा आहे. झकरिया ब्राऊन नावाच्या माणसाला वडिलांच्या मृत्युपत्रान्वये वर्षाला सुमारे ९३ पौंड मिळत. हे उत्पन्न त्याने १८०८ मध्ये डर्ल नावाच्या गृहस्थाला लिहून दिले, १८०९ मध्ये आणखी एकाला लिहून दिले, आणि १८१२ मध्ये काहीच घडले नाही अशा थाटात ते हॉल नावाच्या तिसऱ्याला विकले. पहिल्या दोघांनी मृत्युपत्राच्या व्यवस्थापकांना काही कळविलेच नव्हते. हॉलने मात्र आधी त्यांच्याकडे चौकशी केली, मग पैसे मोजले आणि त्यांना सूचना दिली. १८२३ मध्ये सर टॉमस प्लमर यांनी आणि अपिलात १८२८ मध्ये लॉर्ड लिंडहर्स्ट यांनी निर्णय दिला की, शेवटी येऊनही हक्क हॉलचाच. ज्याने सूचना दिली तो पुढे, जो गप्प बसला तो मागे. सर्वसाधारण कायद्याच्या न्यायालयांनी हा व्यवहार पुरता स्वीकारला तो मात्र १८७३ च्या न्यायव्यवस्थेच्या कायद्याने, आणि तोही लेखी हस्तांतर व लेखी सूचना या अटींवर.

युरोपातील पंडित असे वाद घालीत असताना आपल्या पेठांतील सावकारांनी हा प्रश्न केव्हाच सोडवून टाकला होता. हुंडी ही त्यांची तोड. इंदूरच्या पेढीने लिहिलेली हुंडी पुण्याच्या पेढीवर पटते, ती मधल्या मार्गात चार हातांतून जाते, आणि प्रत्येक हात हुंडणावळ देऊन-घेऊन मोकळा होतो. येथे येणे विकल्याची तक्रार करण्यास जागाच नाही, कारण पैसे देणाऱ्याने आरंभापासून मान्य केलेले असते की कागद घेऊन येईल त्याला मी देईन. मग वाटेल त्या चोराला पैसे मिळतील काय? शहाजोग हुंडीत त्याचाही बंदोबस्त होता. पैसे द्यावयाचे ते ‘शहा’ला, म्हणजे बाजारात ज्याची पत जाणती आहे अशा माणसाला. हुंडी सकारणाऱ्याने तो शहा आहे याची खात्री करून घ्यावयाची. आणि पुढे हुंडी चोरीची वा बनावट निघाली तर पैसे परत करण्याची जबाबदारी त्या शहाची. हुंडी हरवली तर पेठ, तीही हरवली तर परपेठ. देणाऱ्याला दोनदा द्यावे लागू नये, हा हेतू या साऱ्या रिवाजात ओतप्रोत आहे. १८८१ मध्ये धनादेश आणि वचनचिठ्ठ्यांचा इंग्रजी धर्तीचा कायदा झाला, तेव्हा देशी भाषांतील अशा कागदांचे रिवाज त्याने मोडले नाहीत. पहिल्याच कलमात ते राखून ठेवले.

हुंडीची दुसरी बहीण म्हणजे वरात. ही लग्नाची वरात नव्हे. पेशवाईत सरकारला कोणाचे देणे भागवावयाचे असले की रोख न देता एखाद्या मामलेदारावर चिठ्ठी लिहून देत : अमुक रक्कम मुलखाच्या वसुलातून यास द्यावी. म्हणजे सरकारचे रयतेकडील येणे दुसऱ्याच्या हाती जाई. रयतेला याबाबत कोणी विचारीत नसे, हे सांगावयास नकोच. एका अर्थाने आपल्या मुलखातील सर्वांत मोठी वरात मात्र पेशव्यांनी काढली नाही, ती इंग्रजांनी निजामाकडून काढून घेतली. कंटिंजंट नावाच्या फौजेच्या खर्चाची थकबाकी निजाम सरकारकडे साठली, तेव्हा १८५३ च्या तहाने वऱ्हाड, धाराशिव आणि रायचूरचा दुआब यांचा वसूल ईस्ट इंडिया कंपनीकडे सोपविण्यात आला. मुलूख नावाने निजामाचाच. खर्च भागून उरेल ते हिशेबासह त्याला परत मिळावयाचे होते. १८६० च्या तहाने धाराशिव व रायचूरचा दुआब परत गेला आणि सुमारे ५० लाखांचे कर्ज माफ झाले, पण त्याबरोबर हिशेब मागण्याचा हक्कही गेला. १९०२ मध्ये लॉर्ड कर्झन यांच्या काळात वऱ्हाड वर्षाला २५ लाखांवर कायमच्या खंडाने इंग्रज सरकारकडेच राहिले. राज्याराज्यांतील तह आणि दोन नागरिकांमधील करार यांना एकच माप लावता येत नाही हे मला मान्य आहे. तथापि हिशेब विचारण्याचा हक्क गमावलेल्या ऋणकोचे काय होते, हे वऱ्हाडइतके स्पष्ट दुसरीकडे क्वचितच दिसेल.

आता आपल्या आजच्या कायद्याकडे येऊ. १८७२ च्या भारतीय करार कायद्यात येणे विकण्यासंबंधी स्वतंत्र प्रकरण नाही. पण देणे कोणी फेडावयाचे यासंबंधी त्याच्या चाळिसाव्या कलमात एक सुबोध उदाहरण आहे. चित्रकाराने तुमच्यासाठी चित्र काढण्याचे कबूल केले, तर ते त्यानेच काढले पाहिजे. आपल्या जागी तो दुसऱ्याला बसवू शकत नाही. जेथे कामात माणसाचे कौशल्य किंवा विश्वास गुंतलेला आहे तेथे करार त्या माणसाला चिकटून राहतो. येणी विकण्याचे नियम आले ते १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरणाच्या कायद्यात. त्यातील मूळच्या १३५ व्या कलमात कोण भेटावे? साक्षात अनास्तासिअस! येणे विकले गेले असल्यास, विकत घेणाऱ्याने मोजलेली किंमत, खरेदीचा खर्च आणि व्याज दिले की ऋणको पूर्ण मोकळा, असे ते कलम काही अपवाद ठेवून सांगत होते. बाराशे-तेराशे वर्षांपूर्वीची ती आज्ञा कॉन्स्टँटिनोपलहून निघून फ्रान्सच्या १८०४ च्या संहितेत, निदान वादग्रस्त येण्यांपुरती, शिरली होती. पोर्तुगालच्या १८६७ च्या संहितेतही वादग्रस्त येण्यांसाठी ती होती; आणि ती संहिता १८७० पासून गोव्यात लागू झाल्याने मांडवीकाठचा ऋणकोही तिच्या छायेत आला होता. १९६१ मध्ये गोवा मुक्त झाल्यावर करार व मालमत्तेचे भारतीय कायदे तेथे टप्प्याटप्प्याने आले. कुटुंबविषयक बाबींपुरती ती जुनी संहिता मात्र अद्याप टिकून आहे.

ब्रिटिश हिंदुस्थानात त्या कलमाचे आयुष्य अवघे अठरा वर्षांचे ठरले. १९०० च्या दुसऱ्या क्रमांकाच्या कायद्याने ते संपूर्ण प्रकरण नव्याने लिहिले गेले आणि ऋणकोची ती सवलत नाहीशी झाली. हे बरे झाले की वाईट? माझ्या मते दोन्ही बाजूंना वजन आहे. विकत घेणाऱ्याला नफाच मिळणार नसेल तर घेणार कोण? आणि घेणारा नसेल तर ज्याचे पैसे अडकले आहेत अशा म्हाताऱ्या धनकोला ते आपल्या हयातीत पाहावयासही मिळणार नाहीत. उलट, तीसाला घेतलेल्या कागदावर शंभरासाठी घराला कुलूप लावले जाते तेव्हा सत्तर रुपये कोणत्या कष्टांचे, या प्रश्नाचे उत्तर नवीन कायदा देत नाही. व्यापाराने येथे न्यायावर थोडी कुरघोडी केली, असेच मला वाटते.

काही कुंपणे मात्र राहिली. न्यायाधीश, वकील आणि न्यायालयातील अधिकारी यांना दाव्याला योग्य अशा येण्यांचा व्यापार करण्यास १३६ वे कलम बंदी करते. निवृत्तिवेतन विकता येत नाही, सरकारी नोकराचा अद्याप न मिळालेला पगारही विकता येत नाही. केवळ फिर्याद करण्याचा हक्कही विकता येत नाही. माझी कोणी बेअब्रू केली, तर तिची भरपाई मागण्याचा मक्ता मी शेजाऱ्याला देऊ शकत नाही.

स्वतंत्र भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने या तत्त्वांची नीट मांडणी केली ती १९६२ मध्ये, कलकत्त्याच्या ताग-बाजारातील खर्दा कंपनीच्या खटल्यात. करारातील हक्क सामान्यतः दुसऱ्याला देता येतात. मात्र ते व्यक्तिगत स्वरूपाचे असतील, किंवा कायद्याने वा करारानेच मनाई असेल तर नाही. करारातील बोजा मात्र समोरच्या पक्षाच्या संमतीवाचून दुसऱ्यावर ढकलता येत नाही. त्या खटल्यातील ताग पाकिस्तानातून यावयाचा होता आणि आयातीचा परवाना व्यक्तिगत होता. म्हणून कागदावर स्पष्ट मनाई नसतानाही परिस्थिती पाहून न्यायालयाने तो करार हस्तांतर न होणारा ठरविला. पुढे २०१० मध्ये बँकांचा प्रश्न आला. येण्यांची खरेदी-विक्री हा बँकेचा धंदाच नव्हे, असे गुजरातच्या उच्च न्यायालयाने म्हटले होते. सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरविला : बँकेचे येणे ही तिची मालमत्ता आहे, ती विकता येते, आणि त्यासाठी कर्जदाराची संमती लागत नाही. आरंभी ज्या गृहस्थाचा प्रश्न सांगितला, त्याचे आजचे कायदेशीर उत्तर हे असे आहे.

पण संमती नाही म्हणून संरक्षणही नाही, असे नव्हे. १३० व्या कलमाप्रमाणे हस्तांतर लेखी हवे आणि त्यावर विकणाऱ्याची किंवा त्याच्या मुखत्याराची सही हवी. सही झाली की ते पुरे होते, सूचना दिलेली असो वा नसो. येथे आपला कायदा ब्राऊनच्या खटल्याच्या वाटेने गेलेला नाही. मात्र सूचना येण्यापूर्वी आणि विक्रीची माहिती नसताना ऋणकोने जुन्या धनकोला पैसे दिले असतील, तर ते पोचले असेच धरले जातात; नव्या धनकोने जुन्याशी काय ते पाहून घ्यावे. म्हणून जुन्या धनकोला दिलेल्या हप्त्यांच्या पावत्या आणि सूचना हाती पडल्याची तारीख जपून ठेवणे शहाणपणाचे. आणि १३२ वे कलम सांगते की, येणे विकत घेणारा ते जसे होते तसेच घेतो. जुन्या धनकोकडे ऋणकोचेच काही पैसे निघत असतील, समजा पाचशेच्या कर्जापैकी दोनशे त्यानेच ऋणकोला द्यावयाचे असतील, तर ते दोनशे नव्या धनकोच्या मागणीतूनही वजा होतात. त्याला या दोनशेंची कल्पना नव्हती, हे उत्तर न्यायालयात चालत नाही.